स्वप्नातली हवाई गाडी आणि कोलकात्यातली काळोखी बस

अलादीनच्या चिरागाला आपण यंत्र म्हणत नाही, पण त्याचे काम यंत्राचेच आहे. मनातली इच्छा एका बाजूने घाला, दुसऱ्या बाजूने महाल तयार. (गंमत म्हणजे ही कथा 'अलिफ लैला'च्या जुन्या अरबी हस्तलिखितांत नाहीच. हलबच्या हन्ना दियाब या तरुणाने ती १७०९ मध्ये पॅरिसला आंत्वान गालां या फ्रेंच अनुवादकाला सांगितली.) चिराग कोणी घडवला, हे कोणी विचारत नाही. घासणारा हात असला की झाले. हुनर नको, मेहनत नको, शाळा तर नकोच नको.

१९०५ साली मद्रासच्या 'इंडियन लेडीज मॅगझीन'मध्ये एक इंग्रजी कथा छापून आली. तिच्यातही स्वप्न होते आणि स्वप्नात नवलाच्या वस्तू होत्या; मात्र जिन नव्हता. कथेचे नाव 'सुलतानाज ड्रीम', म्हणजे सुलतानाचे स्वप्न. लेखिका रुकैया सखावत हुसैन.

रुकैयांचा जन्म १८८० चा, रंगपूर जिल्ह्यातल्या पायराबंदचा. घर जमीनदाराचे, पडदा कडक. वडील अनेक भाषा जाणणारे. पण मुलींनी बंगाली आणि इंग्रजी शिकावे हे त्यांना मान्य नव्हते. थोरली बहीण करीमुन्निसा यांनी बंगाली शिकवली आणि भाऊ इब्राहीम साबेर यांनी रात्री, घर झोपल्यावर, इंग्रजी. पुढे निकाह झाला तो भागलपूरचे डेप्युटी मॅजिस्ट्रेट सय्यद सखावत हुसैन यांच्याशी. ते वयाने बरेच मोठे, विधुर आणि उर्दूभाषक होते. पत्नीच्या लिहिण्या-वाचण्याला मात्र त्यांनी मनापासून साथ दिली. ते दौऱ्यावर असताना वेळ घालवण्यासाठी रुकैयांनी ही कथा लिहिली. परत आल्यावर सखावत साहेबांनी ती उभ्या उभ्याच वाचून काढली आणि हा तर मोठाच सूड आहे, असा अभिप्राय दिला.

सूड आहे खरा. स्वप्नातल्या त्या मुलुखात बायका मोकळ्या फिरतात आणि पुरुष 'मर्दान्या'त बंद असतात. आजही या कथेवर बोलताना लोक एवढेच सांगतात आणि हसतात. पण माझ्या मते कथेचे खरे बळ दुसरीकडे आहे.

त्या मुलुखाची राणी हुकूम काढते की सर्व मुलींना तालीम मिळाली पाहिजे आणि एकवीस वर्षांच्या आत कोणाचे लग्न होता कामा नये. मुलींसाठी विद्यापीठे निघतात. एक विद्यापीठ नळ्या जोडलेला फुगा तयार करून ढगांतून पाणी ओढते. दुसरे सूर्याची उष्णता साठवण्याचे साधन बनवते. त्या उष्णतेवर स्वयंपाक होतो, घरात धूर नाही, चुलीला काजळी नाही. (सौरचूल आपल्याकडे किती उशिरा आली ते आठवावे.) पुरुष मात्र फौज वाढवण्यात गुंतलेले असतात आणि या शोधांना हसतात. शेजारचा राजा चाल करून येतो, फौज हरते, पुरुष जनान्यात जाऊन बसतात. तेव्हा प्राचार्या आपल्या दोन हजार विद्यार्थिनी घेऊन रणात जाते आणि साठवलेली उष्णता शत्रूवर सोडते. शेवटी सुलताना हवाई गाडीत बसते; हायड्रोजनचे गोळे आणि विजेवर चालणारे पंख असलेली गाडी. तिथून ती घसरते आणि जाग येते ती घरच्या आरामखुर्चीत.

इथली प्रत्येक वस्तू कुठल्या तरी वर्गात, प्रयोगशाळेत तयार झाली आहे. स्वप्नाची वस्तू करणारे यंत्र म्हणजे विद्यापीठ, हा या कथेचा हिशेब आहे. ज्या बाईने शाळेची पायरी कधी चढली नव्हती, तिने तो मांडला.

मे १९०९ मध्ये सखावत साहेबांचे निधन झाले. मुलींच्या शाळेसाठी त्यांनी दहा हजार रुपये ठेवले होते. त्याच वर्षी १ ऑक्टोबरला भागलपुरात पाच मुलींची शाळा सुरू झाली. सावत्र मुलीशी मालमत्तेवरून वाद झाला, गाव सोडावे लागले, आणि १६ मार्च १९११ रोजी कोलकात्याच्या वलीउल्ला लेनमध्ये आठ मुलींवर 'सखावत मेमोरियल' पुन्हा उभी राहिली. माध्यम उर्दू. मी स्वतः उर्दू शाळेत शिकवते म्हणून ही गोष्ट मुद्दाम नोंदवते. बंगालीत लिहिणाऱ्या बाईने उर्दू शाळा चालवली, कारण कोलकात्यातल्या ज्या घरांतून मुली मिळणार होत्या त्या घरांची जबान उर्दू होती.

मुली घरून आणायच्या तर बंद गाडी हवी. त्या गाडीची हकीकत रुकैयांनी 'अवरोधवासिनी' या पुस्तकात सांगितली आहे. पडद्याच्या अतिरेकाचे ४७ प्रसंग त्यात आहेत. शाळेची नवी मोटारबस आली ती सगळीकडून बंद, फक्त दारांच्या वर जाळीची अरुंद पट्टी. आत अंधार आणि उकाडा. मुलींना ओकाऱ्या झाल्या, कोणी बेशुद्ध पडली, लहानग्या रडू लागल्या. एका हिंदू बाईच्या भाच्याने तर तिला चालते 'ब्लॅक होल' म्हटले. १७५६ च्या कोलकात्यातल्या कोंडमाऱ्याची ती आठवण. मग झडपा उघडून रंगीत पडदे लावले. लगेच पत्रे आली: वाऱ्याने पडदे उडतात, बस बेपर्दा झाली, सुधारणा करा, नाही तर उर्दू वर्तमानपत्रांत तुमच्याविरुद्ध लिहू.

कागदावर पंखांची गाडी आणि रस्त्यावर ही. रुकैयांनी तडजोड केली, स्वतः बुरखा घेतला, असा आक्षेप अभ्यासक घेतात. मला तो वर्गाबाहेरच्या माणसाचा आक्षेप वाटतो. पडदे उतरवले असते तर दुसऱ्या दिवशी बस रिकामी आली असती. बाप मुलीला शाळेतून काढतो तेव्हा कारणही सांगत नाही; नुसते हजेरीपटावर लाल रेघा वाढत जातात. रुकैयांनी पडदा ठेवला आणि पडद्याआड वर्ग भरवला. १९१६ साली 'अंजुमन-ए-खवातीन-ए-इस्लाम' काढून मुलींच्या आयांनाही हाताशी धरले. आणि पडद्याबद्दल जे म्हणायचे ते न भिता छापलेही.

१९३० मध्ये रुकैया खरोखरच विमानात बसल्या आणि त्या पन्नास मैलांच्या प्रवासावर त्यांनी बंगालीत लेख लिहिला. हवाई गाडी कागदावर उतरवल्याला तेव्हा पंचवीस वर्षे झाली होती. ९ डिसेंबर १९३२ रोजी त्यांचे निधन झाले. आदल्या रात्रीपर्यंत स्त्रियांच्या हक्कांवरचा एक लेख चालू होता, तो अर्धाच राहिला. 'सुलतानाज ड्रीम'ला २०२४ मध्ये युनेस्कोच्या आशिया-पॅसिफिक स्मृती-नोंदवहीत जागा मिळाली. शाळा कोलकात्याच्या लॉर्ड सिन्हा रोडवर अजून भरते.