वाटेच्या दाव्यातील कमिशनर

भोपाळच्या जुन्या शहरात, जुमेराती, बुधवारा, इतवारा या जुन्या दरवाज्यांच्या नावांनी आजही ओळखल्या जाणाऱ्या मोहल्ल्यांत, कित्येक घरांचा उंबरठा दुसऱ्याच्या अंगणातून किंवा दोन भिंतींमधल्या बोळातून गेल्यावाचून गाठता येत नाही. आणि अशा बोळाच्या तोंडाशी एकाएकी विटांची भिंत उभी राहिली, म्हणजे दिवाणी न्यायाधीशापुढे दोन अर्ज बरोबरच दाखल होतात : एक तूर्तातूर्त मनाई हुकुमाचा, दुसरा जागा पाहण्यासाठी कमिशनर नेमण्याचा.

या जोडअर्जाचे कूळ पुष्कळ प्राचीन आहे. सीमेच्या तंट्यात सामंत म्हणजे शेजारचे जमीनधारक, गावचे वृद्ध, गुराखी आणि रानात फिरणारे लोक यांना साक्षीस बोलवावे, हे याज्ञवल्क्याने सांगितले. त्या साक्षीदारांनी मस्तकी माती घेऊन, तांबडी वस्त्रे व माळा धारण करून सीमा दाखवावी, हे मनूने. घर, पाणी, बाजार यांचा उपभोग वसाहतीपासून ज्याचा जसा चालत आला, तसाच तो अबाधित राहू द्यावा, ही बृहस्पतीची आज्ञा तर मनाई हुकुमाचे बीजच होय. तिकडे रोममध्ये, गेल्या वर्षात किमान तीस दिवस बळजोरी, चोरी वा मेहेरबानीवाचून जो वाट वापरत आला, त्याला मालकीचा निर्णय होण्यापूर्वीच प्रेटर हा न्यायाधिकारी संरक्षण देई.

आपल्याकडे मोगली अमलात जमिनीची पाहणी करणारा अमीन पुढे कंपनीच्या बंगाली दिवाणी अदालतींत स्थळतपासासाठी पाठवला जाऊ लागला. १८५९च्या दिवाणी प्रक्रिया कायद्याने या तपासाला लेखी कमिशनचे रूप दिले आणि १९०८च्या संहितेने त्याला आजचे स्थान, म्हणजे सव्विसाव्या आदेशातील नववा नियम. भोपाळ मात्र तेव्हा बेगमांचे संस्थान होते; १ जून १९४९ रोजी ते भारत सरकारच्या हाती आले. शेताच्या वाटेचा तंटा असेल तर येथे मध्य प्रदेशच्या १९५९च्या भू-राजस्व संहितेचे १३१वे कलम आहे, ज्यान्वये तहसीलदार जागेवर चौकशी करून पूर्वीच्या रूढीप्रमाणे वाट ठरवतो.

कमिशनर बहुधा वकील असतो. तो रुंदी मोजतो, नकाशा काढतो, नव्या चुन्याचा अन् जुन्या झिजलेल्या पायरीचा भेद टिपतो. त्याचा अहवाल दाव्यातील पुरावा ठरतो, पण कमिशनरची उलटतपासणी होऊ शकते आणि न्यायालयाचे समाधान न झाल्यास फेरतपासणीही. मनाईसाठी १९०८च्या त्याच संहितेचा एकोणचाळिसावा आदेश आहे. प्रतिवादीस न ऐकता ती द्यावयाची, तर कारणे लिहून द्यावीत, असे १९७६च्या दुरुस्तीने बंधन घातले. १९९० साली सर्वोच्च न्यायालयाने याहून पुढे जाऊन, विरळा प्रसंगी, तंट्यापूर्वीची शेवटची निर्विवाद स्थिती अंतरिम आदेशानेच पूर्ववत करता येईल, असे सांगितले. म्हणजे उभी झालेली भिंतही दाव्याच्या निकालाआधी हटवता येते.

मात्र पक्षकारासाठी पुरावा गोळा करणे हे कमिशनचे काम नव्हे, या तत्त्वावर बोट ठेवून कमिशनचा अर्ज पुष्कळदा पुढे ढकलला जातो. तत्त्व खरे आहे. परंतु वाटेच्या दाव्यात ते ताणणे मला अन्यायाचे वाटते. चाकोरी नांगरली गेली, चौकट बुजवली गेली, की ती स्थिती कोणत्याही साक्षीदाराला न्यायालयात परत आणता येत नाही. म्हणून मनाईच्या अर्जाबरोबरच, पहिल्याच तारखेस कमिशनर गेला पाहिजे.

आणि ज्याच्यावर अशी वेळ येईल त्याने कमिशनरची नोटीस दुर्लक्षू नये. नेमल्या वेळी जुने दस्तऐवज व शेजारचे वृद्ध घेऊन जागेवर हजर राहावे. कारण गैरहजर पक्षकारावाचूनही तपासणी पुरी करण्याचा अधिकार कमिशनरला कायद्याने दिलेला आहे.