बाजू ऐकल्याशिवाय शिक्षा नाही



सरकारी नोकरी लागली म्हणजे घराला आधार मिळाला, असे आपण मानतो. तलाठी, कारकून, शिपाई, परिचारिका यांच्या एकेका पगारावर सात-आठ माणसांचे पोट चालते. अशा नोकरावर आरोप आला, तर त्याला सरळ घरी पाठवता येते काय? कायदा आज ‘नाही’ म्हणतो; परंतु हा ‘नाही’ सहज मिळालेला नाही.

इंग्रजी अमदानीत नोकरी ही राजाच्या मर्जीवर असे. पुढे १९३० च्या नियमांतील नियम ५५ ने त्या मर्जीला थोडी वेसण घातली. आरोप लेखी द्यावेत, उत्तर घ्यावे आणि नोकराने मागणी केल्यास साक्षीपुराव्यानिशी तोंडी चौकशी करावी, असे ठरले. स्वतंत्र भारताच्या संविधानाने अनुच्छेद ३११ मध्ये बाजू मांडण्याच्या संधीला संरक्षण दिले.

पण नियम कागदावर असणे वेगळे आणि पाळला जाणे वेगळे. १९५६ पर्यंत आपला भंडारा जिल्हा जुन्या मध्यप्रदेशात होता. त्या शासनाच्या सेवेतील नुरुल लतीफ खान यांच्यावर दोषारोप ठेवले गेले. त्यांनी तोंडी चौकशी मागितली. ती न होताच शिक्षेचा आदेश निघाला. प्रकरण चालू असता राज्यांची पुनर्रचना झाली आणि ‘मुंबई राज्य विरुद्ध नुरुल लतीफ खान’ या नावाने ते सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. १९६५ साली सरन्यायाधीश गजेंद्रगडकर यांनी निकाल दिला की, नोकराने मागणी केली असेल तर तोंडी चौकशी बंधनकारक आहे. शासनाचे अपील फेटाळले गेले.

वाचकहो, येथे एक गोष्ट नीट ध्यानात घ्या. न्यायालयापुढे प्रश्न आरोप खरा की खोटा हा नव्हता. शिक्षेपूर्वी नोकराचे ऐकले की नाही, हा होता. कागदाची उलटतपासणी करता येत नाही, साक्षीदाराची करता येते. तोंडी चौकशीचे महत्त्व यातच आहे.

ज्याच्या घरी चूल पेटत नाही तो चौकशीला तोंड कसे देणार? मुंबई नागरी सेवा नियमांत अशी तरतूद होती की, फौजदारी न्यायालयाने दोषी ठरवलेल्या आणि अपील प्रलंबित असलेल्या निलंबित नोकरास महिना एक रुपया निर्वाह भत्ता द्यावा! ‘महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान ताले’ या प्रकरणात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द ठरवली.

१९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षेबाबतची दुसरी नोटीस काढून टाकली. तरीही चौकशी अधिकाऱ्याच्या अहवालाची प्रत नोकरास मिळाली पाहिजे, असे १९९० मध्ये मोहम्मद रमझान खान प्रकरणात ठरले. १९९३ च्या निकालाने ते कायम केले. मात्र प्रत न मिळाल्याने आपले नुकसान काय झाले, हे दाखवावे लागते.

अपवादही आहेत. फौजदारी गुन्ह्यात दोष सिद्ध झाला असेल, चौकशी व्यवहारतः शक्य नसेल किंवा राज्याच्या सुरक्षिततेचा प्रश्न असेल, तर चौकशीवाचून बडतर्फी होऊ शकते. जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना १९६४ चे नियम आणि खाजगी शाळांतील शिक्षकांना १९७७ चा कायदा आहे. राज्य कर्मचाऱ्यांसाठी १९७९ चे शिस्त व अपील नियम आहेत आणि १९९१ पासून प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. त्याचे एक खंडपीठ नागपुरात, म्हणजे आपल्यापासून जवळच बसते.

हे संरक्षण कामचुकारांसाठी नाही. चौकशीत दोष सिद्ध झाला तर शिक्षा होणारच, आणि ती व्हावीही. पण झोपलेल्याला कायदा जागे करीत नाही. दोषारोपपत्र आले तर घाबरून घरी बसू नका. मुदतीत लेखी उत्तर द्या, तोंडी चौकशी हवी असल्यास तसे लिहून मागा, प्रत्येक कागदाची पोच जपून ठेवा आणि तारखेला हजर राहा. नुरुल लतीफ खान यांनी मागणी केली होती, म्हणूनच न्यायालयाला ती नाकारल्याची दखल घेता आली. आणि विद्यार्थ्यांनो, तुमच्यापैकी कोणी उद्या अधिकाऱ्याच्या खुर्चीवर बसेल, तेव्हा समोरच्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय लेखणी उचलू नका.