गोलापुढचा पहारा

‘पॉइंट’ आणि ‘कव्हर पॉइंट’ ही दोन नावे मराठी वाचकाला क्रिकेटच्या मैदानावरून परिचित आहेत. परंतु एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात माँट्रियल किंवा कॉर्नवॉल येथील मैदानाच्या कडेला उभ्या असलेल्या प्रेक्षकाला ती नावे ऐकताच आठवत ती लॅक्रॉस या खेळात आपल्या गोलरक्षकाच्या पुढ्यात, हाती जाळी विणलेली काठी घेऊन, चाल करून येणारा प्रत्येक गडी अडविण्यासाठी उभी असलेली दोन माणसे. बारा गड्यांच्या त्या संघात गोलरक्षकापुढे पॉइंट, त्याच्यापुढे कव्हर पॉइंट आणि त्याच्याही पुढे बचावाचे तीन गडी अशी रचना असे. म्हणजे निम्मा संघ गोल होऊ न देण्याच्या कामावरच नेमलेला असे. बर्फावरच्या हॉकीने आपल्या बाल्यावस्थेत ही दोन्ही नावे लॅक्रॉसकडूनच उसनी घेतली. असे असूनही या खेळाच्या दप्तरात गोल करणाऱ्यांच्या नोंदी ठळक आहेत आणि अडविणाऱ्यांच्या विरळ. आट्यापाट्यांत पाटी धरणाऱ्याचे जे होते तेच येथेही झाले: बोलबाला होतो तो हुलकावणी देऊन निसटलेल्याचा. मला मात्र या खेळाचा इतिहास त्या अडविणाऱ्याच्या जागेवरूनच पाहावासा वाटतो. कारण खेळाच्या मालकीत, साहित्यात किंवा नियमांत जेव्हा जेव्हा फेरफार झाला, तेव्हा आपले काम मुळापासून पुन्हा शिकण्याची पाळी प्रथम त्याच्यावर आली.

खेळ मूळचा उत्तर अमेरिकेतील आदिवासी राष्ट्रांचा. त्यांपैकी मोहॉक, ओनायडा, ऑनन्डागा, कयुगा, सेनेका आणि टस्करोरा या सहा राष्ट्रांचा संघ स्वतःला होडेनोशोनी म्हणवितो. इरोक्वॉय हे नाव परक्यांनी दिलेले. त्यांच्या श्रद्धेप्रमाणे हा खेळ निर्मात्याने माणसाला दिलेला आहे, तो त्याच्या संतोषार्थ खेळावयाचा आहे, आणि त्यात रोगनिवारणाचे सामर्थ्य आहे. ह्यूरन लोकांत राहिलेल्या झां द ब्रेबफ या फ्रेंच जेझुइट धर्मोपदेशकाने १६३६ च्या सुमारास आपल्या वृत्तांतात, रोग्याला आराम पडावा म्हणून वैदू हा खेळ मांडावयास सांगतात, अशी नोंद केली आहे. खेळाचे आज रूढ असलेले नावही फ्रेंचांच्याच तोंडचे. मुलगा जन्मला की त्याच्यापाशी लहानशी काठी ठेवावी आणि माणूस गेला की त्याच्यासोबत त्याची काठी मातीत जावी, अशी चाल होडेनोशोनींत आहे. ज्या वस्तूला जन्म आणि मरण या दोहोंच्या प्रसंगी मान मिळतो, तिला निव्वळ क्रीडासाहित्य म्हणणे मला प्रशस्त वाटत नाही.

ती काठी कशी होत असे हे थोडे विस्ताराने सांगणे अवश्य आहे, कारण बचावाची सारी विद्या तिच्याच आधाराने उभी राहिली. अक्रोडाच्या कुळातील हिकरी नावाच्या वृक्षाचे सरळ, गाठी नसलेले खोड निवडून ते रेषांच्या दिशेने उभे चिरावयाचे, त्या चिरफळ्या वाफेवर मऊ करून त्यांचे टोक आकड्यासारखे वळवावयाचे, वळण टिकावे म्हणून बांधून ठेवून महिनोन्‌महिने सुकवावयाचे, मग तासून, भोके पाडून, कातड्याच्या आणि आतड्याच्या दोऱ्यांची जाळी विणावयाची, असा तो दीर्घ व्यवहार असे. सेंट लॉरेन्स नदीच्या पात्रात, ऑन्टारिओ, क्वेबेक आणि न्यू यॉर्क यांच्या सरहद्दी जेथे एकमेकींना भिडतात, तेथे अक्वेसास्ने ही मोहॉकांची वसाहत आहे, आणि तिच्यातील कॉर्नवॉल बेटावरच्या कारागिरांच्या हातून विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत जगात वापरल्या जाणाऱ्या बहुतेक काठ्या बाहेर पडत. वळविलेल्या लाकडाची भक्कम भिंत जाळीच्या एकाच बाजूला असे, दुसरी बाजू दोरीची. त्यामुळे काठी जड, किंचित एकांगी आणि ज्याच्या त्याच्या हाताची होई. ती प्रतिपक्षाच्या काठीवर आदळली म्हणजे त्या आघाताचा हिसका मनगटापर्यंत पोचत असे. जुन्या बचावपटूचे बळ होते ते या जडपणात, आणि त्याला जे कौशल्य कमवावे लागे ते तो जडपणा वेळेवर आवरण्याचे.

हा खेळ होडेनोशोनींकडून गोऱ्या वसाहतवाल्यांकडे आला तो माँट्रियलमध्ये. तेथे १८५६ साली पहिला लॅक्रॉस क्लब निघाला, आणि १८६० साली विल्यम जॉर्ज बिअर्स या तरुणाने, जो व्यवसायाने दंतवैद्य झाला आणि मैदानावर गोलरक्षक म्हणून उभा राहत असे, खेळाच्या नियमांची एक पुस्तिका छापली. १८६७ च्या सप्टेंबरात किंग्स्टन येथे भरलेल्या परिषदेत राष्ट्रीय लॅक्रॉस संघटना स्थापन झाली आणि बिअर्सच्या नियमांना सर्वमान्यता मिळाली. केस भरलेल्या कातडी चेंडूच्या जागी रबरी चेंडू आला, गड्यांची संख्या बारा ठरली, सहा फुटी दोन खांब सहा फुटांच्या अंतरावर रोवून गोलाची जागा मुक्रर झाली, आणि पाचांपैकी तीन गोल जो आधी करील तो विजयी, असा निवाड्याचा प्रकार ठरला. बचावाच्या दृष्टीने या शेवटच्या कलमाचे महत्त्व फार मोठे आहे. घड्याळाचे बंधन नसल्यामुळे सामना अल्पावकाशात आटोपेल किंवा दिवेलागणीपर्यंत रेंगाळेल याचा भरवसा नसे, आणि तीन गोलांतच सारा निकाल असल्यामुळे पॉइंटच्या एका चुकीने संघ पराभवाची एक तृतीयांश वाट चालून जाई. पुढे कालमर्यादा आली आणि गोलांची संख्या वाढली, तेव्हा बचावपटूच्या चुकीची किंमत उतरली. त्याच्या कामाची प्रतिष्ठाही तेव्हाच थोडी उतरली असावी, असे मला वाटते.

बिअर्सबद्दल माझ्या मनात आदर आणि विषाद यांचे मिश्रण आहे. कॅनडाच्या राष्ट्रनिर्मितीच्या वर्षीच त्याने या खेळाला राष्ट्रीय खेळ म्हणून पुढे केले आणि ते इतक्या हिरिरीने केले, की १८६७ साली पार्लमेंटने तसा कायदा केला ही समजूत पुढे कित्येक पिढ्या निःशंकपणे सांगितली जाई, वास्तविक असा कायदा झालाच नव्हता. तो झाला १९९४ साली, आणि तोही तडजोडीचा: नेल्सन रीस या खासदाराने हॉकीला राष्ट्रीय खेळ ठरविणारे विधेयक आणले, लॅक्रॉसच्या अभिमान्यांनी हरकत घेतली, आणि अखेर हॉकी हिवाळ्याचा व लॅक्रॉस उन्हाळ्याचा राष्ट्रीय खेळ असा निवाडा झाला. पण विषादाचे कारण याहून गंभीर आहे. आदिवासी गडी उपजत चपळाईने खेळतात आणि गोऱ्यांनी त्या खेळाला शास्त्र दिले, असे बिअर्सचे प्रतिपादन होते. त्याच विचारसरणीतून संघटनेने १८८० साली हौशीपणाचे बंधन घातले आणि आदिवासी संघांना अजिंक्यपदाच्या स्पर्धेतून बाहेर काढले. प्रदर्शनी सामन्यांचा मोबदला घेतात म्हणून ते धंदेवाईक, हा त्यांच्यावरील आरोप. ज्यांच्यापाशी दूरच्या शहरी जाण्याच्या खर्चाची तजवीज नव्हती त्यांनी प्रवासापुरते पैसे घेतले, तर तो गुन्हा ठरला. आणि ज्यांनी त्यांचा खेळच घेतला, ते हौशी राहिले. पुण्यात डेक्कन जिमखान्याने १९१४ च्या सुमारास खो-खोचे नियम बांधले तेव्हा नियम करणारे आणि खेळणारे एकाच मातीतले होते. माँट्रियलमध्ये तसे नव्हते, आणि हा फरक लहान नव्हे.

प्रदर्शनासाठी मात्र आदिवासी संघांना बोलावणे येत असे. १८७६ साली, म्हणजे ज्या वर्षी हिंदुस्थानची सम्राज्ञी हे पद व्हिक्टोरिया राणीला देणारा कायदा ब्रिटिश पार्लमेंटने संमत केला त्याच वर्षी, माँट्रियलचे गोरे गडी आणि कानावाके येथील मोहॉक गडी विंडसरला तिच्यासमोर खेळले. साम्राज्याचा आणखी एक धागा आपल्या ओळखीचा आहे. लोकमान्यांना मंडालेला धाडण्यात आले त्या वेळी हिंदुस्थानात व्हाइसरॉय असलेले लॉर्ड मिंटो त्यापूर्वी कॅनडाचे गव्हर्नर जनरल होते आणि १९०१ साली त्यांनी लॅक्रॉसच्या अजिंक्य संघासाठी चांदीचा करंडक दिला होता. १९०८ साली तो करंडक पूर्वेकडून पॅसिफिक किनाऱ्यावर गेला. फ्रेझर नदीकाठच्या न्यू वेस्टमिन्स्टर या मासेमारीच्या गावातील सॅमनबेलीज संघाने माँट्रियलच्या शॅमरॉक्स संघाकडून तो जिंकून नेला. मिंटो करंडक आजही खेळला जातो, कुमारांच्या गटात. १९०८ नंतर पगारी खेळाडूंवर पैशांची उधळण झाली, पहिले महायुद्ध आले, बेसबॉलने उन्हाळा व्यापला आणि मोकळ्या मैदानावरील लॅक्रॉस कॅनडात ओसरत गेले.

१९३१ साली माँट्रियल कॅनेडियन्स या हॉकी संघाचे मालक जोसेफ कॅटरिनिच आणि लिओ डँड्युरँड यांनी उन्हाळ्यात रिकाम्या पडणाऱ्या हॉकीच्या बंदिस्त आखाड्यांत लॅक्रॉस आणले. बचावाच्या इतिहासातील हे सर्वांत मोठे स्थित्यंतर. सुमारे दोनशे फूट लांब आणि पंचाऐंशी फूट रुंद जागेत, चहूबाजूंना लाकडी फळ्या, मैदानावरच्यापेक्षा लहान गोल, गडी कमी, काठी आखूड. मोकळ्या मैदानावर बचावपटू प्रतिस्पर्ध्याला हळूहळू कडेला लोटीत नेई. येथे कडाच भिंत झाली, चेंडू तिच्यावरून परतू लागला, आणि दोन हातांमधील काठीच्या दांड्याने गड्याला रेटणे हा रीतसर खेळाचा भाग झाला. बचावाच्या जागेवरील माणसाने दृष्टी चेंडूवर न ठेवता समोरच्याच्या कमरेवर ठेवावी, खांदा आणि डोळे फसवतात पण कंबर फसवू शकत नाही, हा जुना धडा या कोंदट जागेत जीवनमरणाचा झाला. कॅनडाच्या पुढील पिढ्या याच खेळात वाढल्या. मैदानी खेळ त्यांना जवळजवळ परका झाला.

याच काळात काठीही बदलली. कॉर्नवॉल बेटावरचा काठ्यांचा मोठा कारखाना १९६८ साली आगीत भस्मसात झाला. दोन वर्षांत बाल्टिमोरच्या एका कंपनीने प्लॅस्टिकच्या डोक्याच्या काठीचे पेटंट मिळविले, आणि हिकरीची काठी पाहता पाहता मागे पडली. प्लॅस्टिकची जाळी दोन्ही बाजूंनी सारखी, हलकी आणि एकीसारखी दुसरी असल्यामुळे आक्रमकाचे हात मोकळे झाले. बचावपटूचा आघात पूर्वीइतका जड राहिला नाही आणि त्याला पायांच्या हालचालीवर अधिक विसंबावे लागले.

बंदिस्त आखाड्याची आणि मोकळ्या मैदानाची अशा बचावाच्या दोन्ही विद्या एकाच माणसात किती उतरू शकतात हे ब्रोडी मेरिलच्या कारकिर्दीवरून दिसते. ऑन्टारिओतील ऑरेंजव्हिल या लॅक्रॉसवेड्या गावच्या बंदिस्त आखाड्यात तो घडला आणि अमेरिकेतील जॉर्जटाउन विद्यापीठात त्याने मैदानी खेळाची सहा फुटी बचावाची काठी आपलीशी केली. २००५ साली पोर्टलंड लंबरजॅक्स संघाने व्यावसायिक राष्ट्रीय लीगच्या निवडीत त्याला पहिल्या क्रमांकावर घेतले, आणि पुढच्याच हंगामात सर्वोत्कृष्ट नवोदित आणि सर्वोत्कृष्ट बचावपटू हे दोन्ही सन्मान त्याला मिळाले. त्याच वर्षी ऑन्टारिओतील लंडन शहरी जागतिक अजिंक्यपदाची स्पर्धा झाली. कॅनडा आणि अमेरिका यांच्यातील तिच्या अंतिम सामन्याला मागची एक आठवण होती: १९७८ साली इंग्लंडमधील स्टॉकपोर्ट येथे कॅनडाचा संघ साखळीत अमेरिकेकडून २८–४ असा चिरडला गेला, आणि त्याच स्पर्धेच्या अंतिम सामन्यात त्याने त्याच अमेरिकेला जादा वेळेत १७–१६ असे हरविले, त्यानंतर अठ्ठावीस वर्षे मात्र अजिंक्यपद कॅनडाला मिळाले नव्हते. २००६ साली ते १५–१० असे मिळाले आणि स्पर्धेतील सर्वोत्तम बचावपटू म्हणून मेरिलची निवड झाली. २०१४ साली डेन्व्हर येथील अंतिम सामन्यात कॅनडाने अमेरिकेला अवघ्या पाच गोलांवर रोखून ८–५ असा विजय मिळविला. माझ्या मते कॅनडाच्या बचावाची याहून सुंदर कामगिरी दाखविता येणार नाही.

मेरिलच्या खेळातील ज्या गोष्टीचा मला विशेष आदर वाटतो ती म्हणजे कोणाच्याही ताब्यात नसलेला चेंडू मिळविण्याचे त्याचे व्यसन. गर्दीत वाकून, पाठीवर काठ्यांचे तडाखे सोसून जमिनीवरचा चेंडू उचलावयाचा आणि लगेच पुढे धावावयाचे, हे काम टाळ्यांचे नाही. त्यात टोरोंटोच्या जिम व्हेल्टमनने एका पिढीपूर्वी लौकिक मिळविला होता आणि मेरिलने ती परंपरा पुढे चालविली. २००६ सालीच त्याच्या कुटुंबाने ऑन्टारिओत ‘द हिल अकादमी’ ही शाळा काढली.

होडेनोशोनींची कहाणी मात्र अजून पुरी व्हावयाची आहे. १९८३ साली त्यांनी आपला राष्ट्रीय संघ उभारला; त्याच्या उभारणीत ऑनन्डागांचे ओरेन लायन्स होते, जे तरुणपणी सिरॅक्यूज विद्यापीठाचे गोलरक्षक होते. १९९० साली पर्थ येथे हा संघ प्रथम जागतिक स्पर्धेत उतरला. २०१० साली मँचेस्टरच्या स्पर्धेला जाताना त्यांनी स्वतःच्या राष्ट्राचे पारपत्र दाखविले. ब्रिटनने ते मान्य केले नाही, दुसरे पारपत्र घेण्यास त्यांनी नकार दिला, आणि ते स्पर्धेला मुकले. २०२२ च्या वर्ल्ड गेम्समधून त्यांना प्रथम वगळण्यात आले होते, तेव्हा आयर्लंडच्या संघाने आपली जागा सोडून ती त्यांना दिली. आता २०२८ साली लॉस एंजेलिस येथे, क्रिकेटच्या सोबतच, लॅक्रॉस ऑलिंपिकमध्ये परतत आहे; पदकासाठी ते १९०८ च्या लंडनमध्ये शेवटचे खेळले गेले होते. ऑलिंपिकच्या नियमांप्रमाणे प्रवेश मिळतो तो मान्यताप्राप्त राष्ट्रीय ऑलिंपिक समिती असलेल्यांनाच, आणि होडेनोशोनींची अशी समिती नाही. ज्यांनी हा खेळ जगाला दिला आणि ज्यांच्या हातच्या काठ्यांनी कॅनडाच्या कित्येक पिढ्यांनी आपले गोल राखले, त्यांचा गडी लॉस एंजेलिसच्या मैदानावर गोलापुढे उभा राहिला पाहिजे, आणि त्यासाठी नियम बदलावा लागला तर तो बदलला पाहिजे. १८८० साली बदलता आला होता, तर आजही बदलता येईल.