दर्शान
दर्शान : हे आपले ‘दर्शन’ नव्हे आणि मुद्रणदोषही नव्हे. शोधणे, विचारणे या अर्थाच्या ‘दरश’ या हिब्रू धातूपासून हा शब्द आला. ज्यू धर्मग्रंथातले वचन घेऊन लोकांपुढे त्याचा अर्थ उलगडणारा तो दर्शान. दुसऱ्या शतकातला शिमोन बेन झोमा यांत अग्रगण्य. तो गेला आणि दर्शान संपले, असे मिश्ना हा ज्यू धर्मनियमांचा संग्रह म्हणतो. (‘रब्बी’ पदवीआधीच वारल्यामुळे तो बापाच्याच नावाने ओळखला जातो, असे परंपरा सांगते.) शंकरमठात प्रवचन ऐकलेल्यांना हा माणूस परका वाटू नये. त्याला ‘कीर्तनकार’ म्हणणे मात्र चूक. इथे टाळ-पेटी नाही. ती जोड पुढे मराठीने दिली : मुंबईच्या बेने इस्राएलांनी, म्हणजे मराठीभाषक ज्यूंनी, १८८० पासून अब्राहाम, मोशे यांची आख्याने मराठी कीर्तनांत लावली.