कॅल्व्हरीची माती आणि ती खोदणारे हात

शहराचा इतिहास सांगणारे बहुधा किल्ल्यांपासून आणि बाजारपेठांपासून आरंभ करतात. दफनभूमीकडे सहसा कोणी वळत नाही. वास्तविक शहरात कोण आले, कशाने मेले आणि शेवटी त्यांना किती जागा मिळाली, याचा चोख हिशेब तिथेच असतो. न्यूयॉर्कच्या कॅथॉलिक दफनभूमींकडे आम्ही आज याच दृष्टीने पाहणार आहोत.

मॅनहटनमधील मॉट रस्त्यावरचे जुने सेंट पॅट्रिक चर्च १८१५ साली उपासनेस खुले झाले. त्याच्या विटांच्या भिंतीआड जुन्या कबरी आजही आहेत. हैतीत गुलाम म्हणून जन्मलेला आणि केशरचनेच्या धंद्यातील कमाईतून गोरगरिबांना हात देणारा पिएर तूसाँ १८५३ साली इथेच विसावला. १९९० साली त्याचे अवशेष फिफ्थ ॲव्हेन्यूवरील कॅथीड्रलमध्ये नेण्यात आले. ही जागा अपुरी पडू लागली, म्हणून १८३३ साली अकराव्या रस्त्यावर दुसरी दफनभूमी झाली. पंधरा वर्षांत तीही भरली. पुढे १९०९ साली तेथील अवशेष उकरून हलवण्यात आले. शहरातील जमिनीचे मोल वाढले की मेलेल्यांनाही बिऱ्हाड बदलावे लागते!

१८४५ साली चर्चने नदीपलीकडे, आजच्या क्वीन्स विभागात, ॲल्सप कुटुंबाची जुनी शेतजमीन घेतली. तीच कॅल्व्हरी. त्या प्रॉटेस्टंट कुटुंबाचे छोटेसे कबरस्तान कॅथॉलिक भूमीच्या पोटात तसेच राखले गेले, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. त्याच वर्षी आयर्लंडात बटाट्याचे पीक कुजले आणि भुकेली माणसे जहाजे भरभरून येऊ लागली. १८४८ साली कॅल्व्हरीत दफने सुरू झाली. पुढच्याच वर्षी शहरात पटकी पसरली. आयरिशांमागून इटालियन आले. आज कॅल्व्हरीत ३० लाखांहून अधिक माणसे पुरलेली आहेत; क्वीन्समधील जिवंत माणसे सुमारे २४ लाख.

२५ मार्च १९११ रोजी ट्रँगल कंपनीच्या शिवणकामाच्या कारखान्यास आग लागून १४६ कामगार मेले. त्यांत बहुतेक तरुण मुली होत्या. त्यांपैकी कित्येक इटालियन मुली कॅल्व्हरीत आहेत. या आगीनंतर नेमलेल्या कारखाना चौकशी आयोगाचे अध्यक्ष होते रॉबर्ट वॅग्नर आणि उपाध्यक्ष होते अल स्मिथ. स्मिथ पुढे राज्याचे गव्हर्नर झाले. वॅग्नर यांनी १९३५ साली कामगारांच्या संघटनेचा हक्क मान्य करणारा कायदा करवून घेतला. हे दोघेही याच भूमीत आहेत.

परंतु याच भूमीत कुदळ चालवणाऱ्यांचे काय? जानेवारी १९४९ मध्ये कॅल्व्हरीच्या कबर खोदणाऱ्यांनी संप केला. आठवड्याचे सहा दिवस व ४८ तास काम होते. त्याच पगारात पाच दिवस व ४० तास, एवढीच त्यांची मागणी. हे मजूर बहुतेक कॅथॉलिकच होते. कार्डिनल स्पेलमन यांनी संपामागे कम्युनिस्टांचा हात असल्याचे जाहीर केले आणि धर्मशिक्षण घेणाऱ्या विद्यार्थ्यांच्या हाती फावडी दिली. पुरावयाच्या शवपेट्या हजारावर साचल्या होत्या. डोरोथी डे आणि त्यांचे कॅथॉलिक वर्कर मंडळ मात्र संपवाल्यांच्या बाजूने उभे राहिले. मजुरांनी कम्युनिस्टविरोधी शपथ घेतली. तरी कार्डिनल नमले नाहीत. मार्चमध्ये संप मिटला तेव्हा सुमारे ८ टक्के पगारवाढ मिळाली, पण ४८ तास कायम राहिले आणि आपली युनियन सोडून त्यांना दुसऱ्या युनियनमध्ये जावे लागले.

मृतास माती देणे हे कॅथॉलिक परंपरेत दयेच्या कृत्यांत गणले जाते. ज्यांच्या घरची माणसे पुरावयाची राहिली, त्यांचे दुःख आम्ही हलके लेखीत नाही. पण कामगारांना संघ स्थापन करण्याचा हक्क आहे, असे पोप तेरावे लिओ यांनी १८९१ सालीच सांगून ठेवले होते. काम पवित्र आहे म्हणून ते करणाऱ्याची पाठ दुखत नाही, असे थोडेच आहे? विद्यार्थ्यांनी चार दिवस खोदले, ती दया ठरली. मजूर जन्मभर खोदतो, त्याची मजुरी ही दया नव्हे, तो त्याचा हक्क आहे. कॅल्व्हरीतील दगडांवर पुरलेल्यांची नावे आहेत. ज्यांनी त्यांना माती दिली त्यांचीही आठवण इतिहासाने ठेवावी, एवढेच आमचे मागणे.