तगरचे कापड आणि विणकरांची पेढी

सास्तूर ज्या तेरणेच्या खोऱ्यात वसले आहे, त्याच तेरणेच्या काठी वरच्या अंगाला तेर हे गाव आहे. संत गोरोबाकाकांचे गाव म्हणून ते सर्वश्रुत आहे, आणि भगवान महावीरांच्या मंदिरामुळे जैन समाजासही ते परिचित आहे. तथापि सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी हेच गाव 'तगर' या नावाने रोमन साम्राज्याच्या बाजारपेठांना कापड पुरवीत होते, ही गोष्ट आपल्या भागातही क्वचितच सांगितली जाते.

इ.स.च्या पहिल्या शतकाच्या मध्यास इजिप्तमधील एका अनामिक ग्रीक व्यापाऱ्याने 'पेरिप्लस' नावाचे सागरी व्यापाराचे वृत्त लिहिले. त्यात दक्षिणापथातील दोन प्रमुख पेठा सांगितल्या आहेत : भडोचपासून वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि तेथून पूर्वेस दहा दिवसांवर तगर. पैठणहून अकीक जाई. तगरहून साधे कापड विपुल प्रमाणात, तसेच नाना प्रकारची मलमल जाई. पूर्व किनाऱ्याकडील मालही तगरला येऊन पुढे रवाना होई. हे तगर नेमके कोठे, याविषयी विद्वानांत दीर्घकाळ वाद होता. कोणी देवगिरी म्हणे, कोणी जुन्नर. अखेर 1901 मध्ये फ्लीट यांनी तेर हेच तगर असल्याचे दाखवून दिले.

हा माल बैलगाड्यांतून, बऱ्याच ठिकाणी रस्ताही नसलेल्या मुलखातून, भडोचला पोहोचे. कल्याण बंदर कितीतरी जवळ असताना एवढा वळसा का? त्याचेही उत्तर 'पेरिप्लस'मध्येच आहे. कल्याणचा व्यापार त्या काळी रोखला गेला होता, आणि चुकून तेथे गेलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात. क्षहरात क्षत्रप आणि सातवाहन यांच्या संघर्षाचा भुर्दंड अशा रीतीने व्यापाऱ्यांना आणि गाडीवानांना सोसावा लागला.

जहाजे इजिप्तहून जुलैच्या सुमारास निघत व हिवाळ्यात परतत. कापूस, सूत, विणकाम, वाहतूक आणि समुद्रप्रवास एवढ्या टप्प्यांत पैसा दीर्घकाळ अडकून पडे. हे भांडवल उभे कसे राहत असे? इजिप्तच्या बाजूचा एक दाखला व्हिएन्ना येथे जतन केलेल्या दुसऱ्या शतकातील पपायरसवर मिळतो. केरळच्या मुझिरिस बंदराशी होणाऱ्या व्यापारासाठी काढलेल्या कर्जाचा तो करार असून त्यात मालच तारण ठेवलेला आहे.

महाराष्ट्रातील पुरावा याहून बोलका आहे. नाशिकच्या पांडवलेण्यांतील दहाव्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा शिलालेख आहे. वर्ष 42, म्हणजे शक संवत धरल्यास इ.स. 120. भिक्षुसंघासाठी त्याने 3000 कार्षापणांची 'अक्षयनीवी' केली, म्हणजे मुद्दल कधीही न मोडणारी ठेव. आपल्या संस्थांच्या ध्रुवफंडाचेच हे प्राचीन रूप होय. ही रक्कम त्याने कोणा सावकाराकडे ठेवली नाही. गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे ती ठेवली : एकीकडे 2000, दरमहा शेकडा एक दराने, दुसरीकडे 1000, दरमहा शेकडा पाऊण दराने. मुद्दल परत मागावयाचे नाही, केवळ व्याजाचा उपभोग घ्यावयाचा, अशी स्पष्ट अट आहे.

जमाखर्च पाहणाऱ्या विश्वस्तास पुढील हिशेब सहज तपासता येईल. 2000 वर महिन्याला 20, म्हणजे वर्षाला 240 कार्षापण. लेण्यात वर्षावासास राहणाऱ्या वीस भिक्षूंना चीवरासाठी प्रत्येकी 12, म्हणजे नेमके 240. एकही नाणे कमी नाही की अधिक नाही. हा व्यवहार निगमसभेत, म्हणजे व्यापाऱ्यांच्या सभेत, वाचून दाखविला गेला व तेथील दप्तरी नोंदविला गेला. त्यानंतर तो दगडात कोरविला. विणकर मरण पावतो, श्रेणी मात्र चालू राहते. शतकानुशतके चालावयाच्या दानासाठी राजाच्या जावयाला श्रेणीच अधिक भरवशाची वाटली असावी. ठेवीचा पैसा सूत आणि मागांसाठी भांडवल म्हणून वापरात येत असणार, हे तर्काने सहज जाणता येते. व्याज कोठून तरी निपजलेच पाहिजे.

या व्यापाराची झळ रोमलाही जाणवली. भारत दरवर्षी साम्राज्यातून किमान पाच कोटी सेस्टर्स ओढून नेतो, अशी तक्रार प्लिनीने पहिल्या शतकात नोंदविली आहे. तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालयात हस्तिदंताची एक स्त्रीमूर्ती आहे. तिच्याशी साम्य असलेली भारतीय मूर्ती 1938 मध्ये इटलीतील पाँपेई येथे सापडली. ते नगर इ.स. 79 मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले होते. कापड मात्र आपल्याकडील दमट मातीत टिकले नाही. भारतीय सुती कापडाचे तुकडे मिळाले ते तांबड्या समुद्राच्या काठी, इजिप्तमधील बेरेनिके बंदराच्या कोरड्या वाळूत. तिकडचे स्थानिक सूत एका दिशेने पिळलेले असे, हे सूत उलट दिशेने. त्या पिळावरूनच ते भारतातले म्हणून ओळखता आले.