हंसराजाचे पाऊल

हंसराज हे नाव ऐकायला भारदस्त. पण त्याचा माग काढत गेले की हाती राजा लागत नाही, पाऊल लागते. संस्कृतात हिला हंसपदी म्हणतात. पावसाळ्यात सह्याद्रीच्या ओल्या दरडींवर, कोकणातल्या जांभ्याच्या गडग्यांवर अर्धगोल पानांचे हे नेचे फुटते. मराठीत याचे दुसरे नाव घोडखुरी. हंसाचा पाय म्हणा की घोड्याचा खूर, आपल्या लोकांची नजर पानाच्या आकारावर गेली.

ग्रीकांची गेली पाण्यावर. याच्याच भूमध्य समुद्राकाठच्या भावंडाविषयी थिओफ्रास्टस सांगतो की पान पाण्यात बुडवले तरी भिजत नाही, म्हणून ते ‘अदिआंतोन’, न भिजणारे. केसगळतीवरचा त्याचा उपयोगही तो तिथेच नोंदवतो. काळे, चकचकीत, तारेसारखे देठ पाहिले की केस आठवणारच. आधी औषध की आधी उपमा? माझा कल उपमेकडे आहे. लॅटिनमध्ये त्याचे ‘व्हीनसचे केस’ झाले आणि 1753 मध्ये लिनिअसने ग्रीक व लॅटिन दोन्ही नावे एकत्र बांधली. इंग्रजीत ते ‘मेडनहेअर’. देवीच्या जागी साधी कुमारिका आली, केस तेवढे राहिले.

फारसी नाव मात्र ऐकून थबकायला होते: पर-ए-सियावुशान, सियावुशचे पीस. शाहनाम्यातला हा राजपुत्र. सावत्र आईने खोटा आळ घेतला, अग्निदिव्यातून तो निष्कलंक बाहेर पडला, आणि पुढे तुराणात, जिथे आसरा घेतला तिथेच, अफ्रासियाबच्या हुकमाने मारला गेला. त्याच्या रक्तातून वनस्पती उगवली, असे इराणी परंपरा सांगते. युनानी वैद्यकाबरोबर हे नाव ‘परसियावशां’ होऊन हिंदुस्थानात आले आणि हंसराजाच्या शेजारी बसले. पुडीत खोकल्याचे औषध उरले. राजपुत्राचा शोक वाटेतच गळाला.

आपल्या घोडखुरीला लिनिअसने फिलिपिन्सचे नाव दिले. गडग्यावरच्या रोपाला परमुलखाचा पत्ता! तिची एक खोड मात्र त्या नावात नाही. पानाचे लांबट टोक वाकते, मातीला टेकते, तिथे मुळे धरते आणि नवे रोप उभे राहते. मग त्याचेही टोक पुढे वाकते. अशी ती दरडीवरून चालत जाते. हंसपदी म्हणणाऱ्याने फक्त पानच पाहिले होते, असे मला आता खात्रीने म्हणवत नाही.